दावा टाकण्याआधी एकदा विचारा : नागपूरच्या दिवाणी वकिलांना खुले पत्र

नागपूर जिल्हा न्यायालयात दिवाणी कामं चालवणाऱ्या सर्व वकील बंधू-भगिनींना,

सादर नमस्कार.

मी वकिली शिकलेली नाही. गांधीबागेतल्या एका साडी-लुगड्यांच्या दुकानाची मी लेक. आमच्या घरच्या वाटणीच्या दाव्यात मी प्रतिवादी क्रमांक ३ होते. दहा वर्षं सिव्हिल लाइन्सला येऊन तुमच्यातल्या अनेकांना मी रोज पाहिलं आहे. कोणाचा काळा कोट कोणत्या खुर्चीवर टांगलेला असतो आणि कोणाचा मुन्शी पुढची तारीख बिनचूक सांगतो, हे मला अजून पाठ आहे. ज्यांनी आमची कामं पाहिली त्यांच्याबद्दल मनात राग नाही. पण एक गोष्ट आम्हाला दहा वर्षं उशिरा कळली : मध्यस्थी, म्हणजे तटस्थ माणसासमोर बसून, बोलून वाद मिटवणं, खरंच काय करू शकते ते. ती पहिल्या दिवशी सांगणं तुमच्याच हातात आहे, म्हणून हे पत्र.

वडील २०११ मध्ये गेले. मृत्युपत्र केलेलं नव्हतं. मागे उरलं ते गांधीबागेतलं दुकान, ज्यात दोन्ही भाऊ वडिलांसोबत भागीदार होते, महालातलं दोन मजली घर आणि काटोलजवळचा चार एकर संत्र्याचा बगीचा. धाकट्या भावाने २०१३ मध्ये वाटणीचा आणि दुकानाच्या हिशेबाचा दावा टाकला. कायद्याचं गणित सोपं होतं. आई, दोन भाऊ आणि मी, प्रत्येकाचा चौथा हिस्सा. त्यावर कधी खरा वाद झालाच नाही. वाद होता तो हा चौथा हिस्सा एका दुकानाचा, एका जिन्याचा आणि एका विहिरीचा कसा काढायचा, आणि दादाने दुकानातून उचललेले पैसे गेले कुठे, यावर. यातलं पहिलं कोणत्याच कलमात लिहिलेलं नाही. दुसरं माझ्या दोन्ही भावांना एका वाक्यात एकमेकांना सांगता आलं असतं.

ते सांगायच्या ऐवजी ते दहा वर्षं कैफियतीच्या, म्हणजे दाव्याला दिलेल्या लेखी उत्तराच्या, भाषेत बोलले. 'दावा कलम ७ मधील मजकूर खोटा असून तो या प्रतिवादीस मान्य व कबूल नाही.' तुमच्यासाठी ही रोजची ओळ आहे. नाकारलं नाही तर कबूल धरलं जातं, म्हणून ती लिहावीच लागते, हेही मला आता समजतं. पण दादाच्या नावाने लिहिलेली ती ओळ धाकट्याने घरी नेऊन बायकोला वाचून दाखवली. 'वडिलांच्या आजारपणात धाकट्या मुलाने दुकान सांभाळलं' हेही दाव्याच्या त्या कलम ७ मध्येच होतं, आणि दादाने तेही नाकबूल केलं होतं. त्या दिवसापासून एका घरात राहून दोघांचं बोलणं-चालणं बंद. जिना एकच होता. एक उतरत असला की दुसरा वर थांबायचा.

बगीच्याचं जरा सविस्तर सांगते, कारण तुमच्या फाइलीत तो फक्त गट क्रमांक आणि चतुःसीमा म्हणून असतो. दाव्यात 'जैसे थे' चा हुकूम झाला. घरासाठी आणि दुकानासाठी त्याला अर्थ होता. संत्र्याच्या झाडाला जैसे थे ठेवता येत नाही. पावसाळ्याच्या आधी आणि नंतर बुंध्याला बोर्डो मलम लावावं लागतं, नाहीतर डिंक्या धरतो. बुंध्याची साल तडकते, त्यातून डिंक पाझरतो आणि झाड वरून वाळत येतं. चारशेच्या वर झाडं होती. मलम लावायचं कोणी? दोघांच्याही मनात हेच, की आपण खर्च करायचा आणि उद्या तो पट्टा दुसऱ्याच्या वाट्याला जायचा. फेरफारावर हरकत, त्यामुळे पीककर्ज नाही. २०१७ च्या उन्हाळ्यात विहिरीवरची मोटर जळाली, ती दोन महिने तशीच राहिली. मी एकदा गेले तेव्हा पूर्वेकडच्या ओळींत हात लावला की साल निघून यायची. बोटं चिकट झाली होती, ती घरी येईपर्यंत धुतली नाहीत. संत्र्याच्या नव्या कलमाला फळ धरायला पाच-सहा वर्षं लागतात. त्या ओळी वडिलांनी लावल्या होत्या.

मध्यस्थी आमच्या दाव्यात दोनदा झाली. पहिली २०१५ मध्ये. न्यायालयाने दिवाणी प्रक्रिया संहितेच्या कलम ८९ खाली प्रकरण मध्यस्थी केंद्रात पाठवलं. हे कलम २००२ पासून लागू आहे, हे मी पुढे वाचलं. तेव्हा आम्हाला एवढंच सांगितलं गेलं की 'एक फॉर्मॅलिटी आहे, येऊन सही करून जा.' दादा आला, धाकटा आला. मला आणि आईला बोलावलंच नाही, 'त्यांची गरज नाही' म्हणून. कोणत्याही बाजूचे मुख्य वकील आले नाहीत, दोघांचे ज्युनिअर आले. दोघं भाऊ समोरासमोर बसले, पाच-दहा मिनिटं जुनंच बोलले आणि उठले. फाइलीत एका ओळीचा अहवाल लागला, तडजोड झाली नाही. पुढची पेशी पडली.

त्या दिवशी आई सकाळी लवकर उठून तयार होऊन बसली होती. तिला कोणीतरी सांगितलं होतं की आज कोर्टात मुलांना समजावणार आहेत. नऊवारी नेसून, पिशवीत पाण्याची बाटली घेऊन ती ओसरीवर बसून राहिली. तिला न्यायला कोणी आलं नाही.

आई २०१९ च्या हिवाळ्यात गेली. तेराव्याच्या आधी जे पहिलं कायदेशीर बोलणं झालं ते हे, की मयत प्रतिवादी क्रमांक २ चे वारस रेकॉर्डवर आणण्याचा अर्ज मुदतीत करावा लागेल. वारस आम्हीच तिघं होतो आणि आधीपासून रेकॉर्डवर होतो. तरीही त्या अर्जावर तारखा पडल्या. मग कोरोना आला, आणखी दोन वर्षं गेली.

दुसरी मध्यस्थी २०२२ मध्ये, दादाची उलटतपासणी अर्ध्यावर असताना. नव्या न्यायाधीशांनी प्रकरण पुन्हा पाठवलं आणि यावेळी आदेशातच लिहिलं की सर्व पक्षकारांनी स्वतः हजर राहावं. मध्यस्थ एक वकील बाई होत्या, प्रशिक्षण घेतलेल्या. पोळ्याच्या आसपास पहिली बैठक झाली. एकूण पाच झाल्या, अडीच महिन्यांत. एक पैसा फी आम्हाला पडली नाही. न्यायालयाच्या मध्यस्थी केंद्रात मध्यस्थाची फी पक्षकाराला द्यावी लागत नाही, हे तोवर आमच्यापैकी एकालाही माहीत नव्हतं.

पहिल्या बैठकीत बाईंनी फक्त ऐकून घेतलं. दुसऱ्या बैठकीत त्या प्रत्येकाशी वेगळं बोलल्या, दार लावून. तिथे बोललेलं आमच्या परवानगीशिवाय दुसऱ्या बाजूला कळणार नाही आणि कोर्टात पुरावा म्हणून येणार नाही, हे त्यांनी प्रत्येकाला आधी नीट समजावलं. दादा आत चाळीस मिनिटं होता. बाहेर आला तेव्हा त्याचा चेहरा उतरला होता. तिसऱ्या बैठकीत, त्याच्या परवानगीने, बाईंनी ते सगळ्यांसमोर काढलं.

दुकानाच्या खतावणीत २०१२ च्या साली दादाच्या नावावर सहा लाखांची उचल होती. धाकट्याच्या दाव्याचा सगळा जोर त्या सहा लाखांवर होता. दादाने कैफियतीत ती उचलच नाकारली होती. ते पैसे माझ्या नवऱ्याच्या हृदयाच्या ऑपरेशनला लागले होते. दादाने ते दिले हे मला माहीत होतं, पण मी समजत होते की त्याच्या स्वतःच्या बचतीतले. माझ्या सासरी हे कळू द्यायचं नाही, असा शब्द त्याने माझ्या नवऱ्याला दिला होता. तो शब्द पाळायला त्याने दहा वर्षं स्वतःच्या भावाकडून चोर म्हणवून घेतलं. आणि मी त्याच दाव्यात बाकावर बसून ऐकत होते.

धाकटा तिथल्या तिथे विरघळला वगैरे नाही. तो बराच वेळ गप्प बसला, मग म्हणाला, "मंग हिशेबात तसं लिहा ना." बाईंनी तसं लिहिलं. त्याच्या पुढच्या बैठकीत तो स्वतःहून म्हणाला की या सहामधले तीन माझ्या नावावर टाका, ताई माझीबी बहीण आहे. त्यानंतर आकडे हलायला लागले. दहा वर्षं जो आकडा एक रुपयाने हलला नव्हता तो.

आता तुम्ही सांगा, साक्षीपुराव्याच्या कोणत्या टप्प्यावर हे बाहेर आलं असतं? दादा पिंजऱ्यात उभा राहून, स्वतःच्या कैफियतीविरुद्ध, माझ्या सासरच्यांच्या देखत हे कधी बोलला असता?

म्हणून माझी तुमच्याकडे पहिली मागणी. भाऊ-भाऊ, भाऊ-बहीण, काका-पुतणे असं घरचं प्रकरण घेऊन कोणी तुमच्याकडे आलं, तर वकीलपत्रावर सही घेण्याआधी त्याला मध्यस्थीबद्दल सांगा. नीट खुर्चीवर बसवून, दहा मिनिटं. सर्वोच्च न्यायालयाने २०१० मध्ये अ‍ॅफकॉन्सच्या निकालात कोणती प्रकरणं अशा मार्गाला योग्य हे सांगितलं, त्यात कौटुंबिक वाद, वाटणी आणि भागीदारांमधले वाद आहेत. तुम्हाला हे मुखोद्गत असेल. पक्षकाराला त्यातलं काहीच ठाऊक नसतं. त्याला वाटतं कोर्ट म्हणजे एक बाजू जिंकणार.

त्याला हेही सांगा की वाटणीच्या दाव्यात जिंकणं म्हणजे काय. आधी प्राथमिक हुकूमनामा, त्यात फक्त हिस्से ठरतात. मग घरासाठी कोर्ट कमिशनर आणि अंतिम हुकूमनामा, शेतीसाठी दिवाणी प्रक्रिया संहितेच्या कलम ५४ खाली जिल्हाधिकाऱ्यांकडे, तिथून मोजणी, मग हरकती, आणि मधल्या पायऱ्यांवर अपिलं. ज्याचे तुकडे पडत नाहीत ते १८९३ च्या वाटणी कायद्याखाली विकायला निघू शकतं. आमचं गांधीबागेतलं दुकान बारा फूट रुंद आहे. त्याचे चार भाग केले तर एकात शटरही बसणार नाही. हे आम्हाला कोणी २०१३ मध्ये फूटपट्टी घेऊन दाखवलं असतं तर बरं झालं असतं.

धंद्याच्या वादात तर कायद्यानेच आता दार दाखवलं आहे. तीन लाख आणि त्यावरचा व्यावसायिक वाद असेल आणि तातडीचा हुकूम नको असेल, तर व्यावसायिक न्यायालय कायद्यात २०१८ च्या दुरुस्तीने आलेल्या कलम १२-अ प्रमाणे दाव्याआधीच मध्यस्थी करावी लागते. हे बंधनकारक आहे, असं सर्वोच्च न्यायालयाने २०२२ मध्ये स्पष्ट केलं. भागीदारीचे वाद त्यात येतात. तरी मी न्यायालयाच्या आवारातच ऐकलं आहे, "एक मनाईचा अर्ज जोडून टाका, म्हणजे ती मध्यस्थीची कटकट नको." असं करू नका हो. तातडीच्या हुकमाचा मुखवटा लावून ही पायरी चुकवता येणार नाही, असं २०२३ मध्ये त्याच न्यायालयाने बजावलं आहेच. पण निकालाच्या धाकाने करू नका, त्या दोन भावांकडे बघून करा.

वेळ जातो, असं म्हणता. २०२३ च्या मध्यस्थी कायद्यात मध्यस्थीला १२० दिवस दिले आहेत, दोन्ही बाजूंची संमती असेल तर आणखी ६०. आमचा फक्त वारस लावण्याचा अर्ज त्याहून जास्त दिवस चालला.

फीचा विषयही मी टाळत नाही. पेशीवर फी घेणाऱ्याचं मध्यस्थीने नुकसान होतं, हे उघड आहे. त्यांचाही संसार आहे. पण तडजोडीचं काम वकिलाविना होतं हा समज चुकीचा आहे, आणि हे मी अनुभवाने सांगते. आमची पाचवी बैठक संपली तेव्हा आम्ही तिघं भावंडं रडत होतो आणि एका साध्या कागदावर सही करून घरी जायला तयार होतो. तेव्हा तिन्ही वकिलांनी आम्हाला थांबवलं. धाकट्याच्या वकिलांनी विचारलं, दुकानाच्या कॅश क्रेडिटला तुमची जामीनकी आहे, ती बँकेकडून सोडवून घेणार कोण? आणि भागीदारीतून निवृत्त झाल्याची जाहीर सूचना दिली नाही, तर दादाच्या पुढच्या उधारीलाही तुम्ही बांधले जाल. दादाच्या वकिलांनी लक्षात आणून दिलं की नागपूरजवळच्या बेसातला प्लॉट मूळ दाव्यात नव्हताच, तो तडजोडीत घेतला तर त्या भागाची नोंदणी करावी लागेल. आणि माझ्या वकील ताईंनी, ज्या तोवर फारसं बोलल्या नव्हत्या, आग्रह धरला की मला तीन हप्त्यांत मिळणाऱ्या रकमेचा बोजा दुकानावर चढवा. मी म्हणत होते, राहू द्या, भाऊ आहेत माझे. त्या म्हणाल्या, "भाऊ आहेत म्हणूनच लिहून घ्या, म्हणजे मागायची वेळ येणार नाही." तिसरा हप्ता खरंच चार महिने उशिरा आला. बोजा होता, म्हणून मी शांत राहू शकले आणि राखीला गेले.

दुकानाच्या पाटीवरच्या नावाचं मात्र तिन्ही वकिलांच्याही ध्यानात आलं नाही. ते शेवटी दादाच्या मुलाने विचारलं. नाव दादाकडे राहिलं. धाकट्याने इतवारीत नवं दुकान काढलं, त्या पाटीवर खाली बारीक अक्षरांत वडिलांचं नाव लिहिलं.

ही तडजोड लेखी, सगळ्यांच्या सह्यांनी, न्यायालयापुढे गेली. न्यायाधीशांनी आम्हाला एकेकाला विचारलं की हे समजून, राजीखुशीने केलं का. मग त्याचाच हुकूमनामा झाला. संमतीच्या हुकूमनाम्यावर अपील नाही. तलाठ्याकडे फेरफार आणि नगर भूमापनात आखीव पत्रिकेवरची नावं, दोन्ही त्याच वर्षी लागली.

दुसरी मागणी घरातल्या बायकांसाठी. मध्यस्थीच्या खोलीत त्यांना आणा आणि त्यांच्यासोबत त्यांचा स्वतःचा वकील असू द्या. याला एक काळी बाजू आहे, तीही लिहिते. आपल्याकडे घरच्या बैठका आधीपासून होत आल्या आहेत, आणि बहुतेक बैठकांत बहिणीकडून हक्कसोडपत्रावर सही घेऊन साडीचोळीवर तिची बोळवण होते. 'माहेर तुटेल' एवढं म्हटलं की पुरतं. वडिलोपार्जित मिळकतीत लेकीचा हक्क मुलाइतकाच आणि जन्मापासूनचा, २००५ मध्ये हिंदू वारसा कायद्यात दुरुस्ती झाली तेव्हा वडील हयात होते की नाही याने फरक पडत नाही, हे २०२० मध्ये सर्वोच्च न्यायालयाच्या विनीता शर्मा निकालाने कायमचं ठरलं. पण त्याच हक्काचा मध्यस्थीच्या नावाखाली, गोड बोलून, बळी जाऊ शकतो. भावाच्याच वकिलाने बहिणीचंही वकीलपत्र घेतलेलं मी पाहिलं आहे. हे थांबवणं तुमच्याच हातात आहे. आणि जिथे खोट्या सह्या आहेत, बनावट मृत्युपत्र आहे, मारहाणीची भीती आहे, तिथे तिला तडजोडीला बसवू नका. तिथे दावा लढा, जोराने लढा. त्या अ‍ॅफकॉन्सच्या निकालातही फसवणूक आणि बनावट कागदपत्रांचे गंभीर आरोप असलेली प्रकरणं बाजूला ठेवायला सांगितलं आहे.

२०२५ च्या जुलैपासून ९० दिवस देशभर मध्यस्थीची मोठी मोहीम झाली, वाटणीचे दावेही त्यात घेतले होते. मला त्याचा आनंद झाला. पण मोहिमेत काय किंवा एरवी काय, प्रकरण मध्यस्थीला गेल्याची नोंद होते आणि खोलीत मात्र दोन ज्युनिअर आणि दोन फुरंगटलेले भाऊ असतात, असं होऊ नये. तिसरी मागणी म्हणून हीच, की पहिल्या बैठकीला मुख्य वकिलांनी स्वतः यावं. तुम्ही आलात की पक्षकाराला कळतं की हे काम गंभीर आहे. तुम्ही नाही आलात की तेही कळतं.

बगीचा माझ्या तिसऱ्या हिश्श्यात मी मागून घेतला, पैसे कमी घेऊन. पूर्वेकडच्या ओळी काढाव्या लागल्या. दोन पावसाळ्यांपूर्वी तिथे नवी कलमं लावली. धाकटा मलम लावायला येतो, दादा अजून आला नाही. येईल.

आमची फाइल आता रेकॉर्ड रूममध्ये गेली असेल. तिच्यात २०१५ चा तो एका ओळीचा अहवालही असेल. त्या दिवशी दोघा भावांना दोन तास बसवलं असतं आणि ओसरीवर पिशवी घेऊन बसलेल्या आईला कोणी आणलं असतं, तर काय झालं असतं, हे मी रोज मनात मांडून पाहते. तुमच्या चेंबरच्या बाहेर बाकावर अशी एखादी आई किंवा बहीण बसलेली असेल, जिला आत काय चाललंय ते कोणी सांगितलेलं नाही, तर तिला आत बोलवा. तिला एकटीला मध्यस्थीच्या खोलीपर्यंत जायची भीती वाटत असेल तर मला निरोप द्या. मी तिच्यासोबत बाहेरच्या बाकावर बसायला येईन, पहिल्या बसने.

आपली,
प्रतिवादी क्रमांक ३
महाल, नागपूर